चार्लटनची बदली: रेझा घूचाननेजादच्या कारकिर्दीतला एक जानेवारी

जानेवारी २०१४. ब्राझीलचा विश्वचषक पाच महिन्यांच्या आत आलेला. इराण पात्र ठरून सहा महिने उलटलेत आणि ज्याच्या गोलांनी तो पात्र ठरला, तो स्ट्रायकर बेल्जियमच्या स्टँडर्ड लीज क्लबात बहुतेक वेळ राखीव बाकावर बसून आहे. पुढे आघाडीच्या फळीत त्याच्यापेक्षा तरुण आणि जोरात असलेला मिची बात्शुआयी, जोडीला इमोह इझेकिएल. संघ बेल्जियन लीगमध्ये आघाडीवर. जिंकणारी जोडी कुठला प्रशिक्षक मोडेल? त्याच महिन्यात रेझा घूचाननेजाद लीज सोडून लंडनच्या चार्लटन अॅथलेटिककडे गेला. क्लब इंग्लंडच्या दुसऱ्या श्रेणीत, चॅम्पियनशिपमध्ये, तळाशी झगडत होता.

त्याची सगळी कारकीर्द समजून घ्यायला हा एक निर्णय पुरेसा आहे, असं मला वाटतं. रेझाबद्दल बोलताना लोक सहज म्हणून जातात की गडी चांगला होता, पण कुठे टिकला नाही. क्लबांची यादी वाचली तर तसंच वाटेल: हीरेनवेन, गो अहेड ईगल्स, एमेन, कांब्यूर, सिंट-ट्राउडन, स्टँडर्ड, चार्लटन, कुवेत एससी, अल वक्रा, पुन्हा हीरेनवेन, अपोएल, सिडनी, झ्वोल. मात्र प्रत्येक बदलीमागचं कारण शोधत गेलं की दिसतं, त्यातल्या निर्णायक बदल्या त्याच्या खेळापेक्षा मालकांच्या सोयीने आणि परदेशी खेळाडूंच्या नियमांनी ठरल्या. खेळाडूच्या माथी मारलेला हा ठपका मला अन्यायाचा वाटतो.

थोडं मागे जायला हवं. रेझाचा जन्म १९८७ चा, इराणच्या ईशान्येकडच्या मश्हद शहरातला. तो लहान असतानाच घरचे नेदरलँड्सला गेले आणि उत्तरेकडच्या फ्रिसलँड प्रांतात, लीउवार्डनमध्ये स्थायिक झाले. मुलगा व्हायोलिन शिकला, फुटबॉल शिकला, हीरेनवेनच्या युवा संघातून वर आला, डच युवा संघांकडून खेळला. पुढचा रस्ता सरळ दिसत होता, पण दुखापती मध्ये आल्या. मुख्य संघात जागा पक्की होईना, म्हणून क्लबने त्याला लोनवर, म्हणजे ठरावीक काळासाठी उसना, पाठवलं, आधी गो अहेड ईगल्सकडे, मग एमेनकडे. त्यानंतर तो कांब्यूरला, म्हणजे लीउवार्डनच्याच क्लबात परतला. वय बावीस-तेवीस, आणि डच दुसऱ्या श्रेणीत गोल शोधत फिरणं. इथवरच्या भटकंतीत वेगळं काही नाही. युरोपातल्या अकादम्यांतून बाहेर पडणाऱ्या पोरांपैकी कितीतरी जणांच्या वाट्याला हेच येतं.

इराणच्या संघाचं दार त्याला उघडलं त्यामागे एक नियम आहे. युवा स्तरावर एका देशाकडून खेळलेल्या खेळाडूला दुसऱ्या देशाकडे जायचं असेल तर ते एकविसाव्या वाढदिवसाआधी करावं लागे. फिफाने २००९ मध्ये ही वयाची अट काढून टाकली. रेझाला तोवर एकविसावं वर्ष पूर्ण होऊन गेलेलं होतं. २०११ मध्ये कार्लुस केइरोश इराणचे प्रशिक्षक झाले आणि त्यांनी युरोप-अमेरिकेत वाढलेल्या इराणी पोरांचा शोध पद्धतशीर सुरू केला. बर्लिनमध्ये वाढलेला अश्कान देजागा, जर्मनीतला गोलरक्षक डॅनियल दावारी, कॅलिफोर्नियात जन्मलेला स्टीव्हन बैतशूर हे त्याच मार्गाने आले. रेझाने २०१२ च्या ऑक्टोबरमध्ये पदार्पण केलं.

तेव्हा इराणची पात्रता मोहीम रडतखडत चालली होती. लेबनॉनमध्ये हार, तेहरानात घरच्या मैदानावर उझबेकिस्तानकडून हार. जून २०१३ मध्ये शेवटचे तीन सामने उरले आणि तिन्ही जिंकण्यावाचून गत्यंतर नव्हतं. ४ जूनला दोहात कतारविरुद्ध १–० असा विजय, गोल रेझाचा. ११ जूनला तेहरानात लेबनॉनवर ४–०, त्यातला एक रेझाचा. १८ जूनला उल्सानमध्ये दक्षिण कोरियाशी गाठ.

उल्सानचा तो गोल ज्याने पाहिला नसेल त्याने शोधून पाहावा, कारण हा स्ट्रायकर नेमका काय होता ते त्या काही सेकंदांत कळतं. साठावं मिनिट. शून्य-शून्य. कोरियाला बरोबरीही पुरेशी. चेंडू कोरियाचा बचावपटू किम यंग-ग्वोन याच्या ताब्यात, आपल्याच अर्ध्यात, कसलंही संकट दिसत नाही. रेझा त्याच्यावर धावून जातो. बहुतेक स्ट्रायकर अशा वेळी नुसते दिखाव्यापुरते धावतात, बचावपटू चेंडू मागे देतो, विषय संपतो. किम क्षणभर जास्त रेंगाळला आणि रेझाने त्याच्या पायातून चेंडू काढला. मग पेनल्टी क्षेत्राकडे दोन-चार पावलं, मान वर, आणि गोलरक्षकाच्या हाताबाहेरून वळत लांबच्या कोपऱ्यात गेलेला फटका. त्या सामन्यात इराणने असा चेंडू क्वचितच पुढे पोचवला होता. तरी त्याला तो एक पुरला.

१–० ने जिंकून इराण १६ गुणांसह गटात पहिला आला. कोरिया आणि उझबेकिस्तान दोघांचे १४ गुण झाले आणि एका गोलाच्या फरकाने कोरिया वाचला. सामना संपल्यावर केइरोश यांनी कोरियाच्या बाकाकडे मूठ दाखवल्याने बराच वाद झाला, आणि त्या गोंधळात रेझाच्या कामगिरीची जेवढी चर्चा व्हायला हवी होती तेवढी झाली नाही असं माझं मत आहे. पंधरवड्यात तीन सामने, तिन्हींत गोल, त्यांतले दोन निर्णायक.

आता लीजकडे. स्टँडर्डमध्ये त्याला आणलं गेलं त्या गोष्टीचं नीट वाचन करायचं तर रोलांड दुशाटले हे नाव लागतं. हे बेल्जियन उद्योजक २००४ पासून सिंट-ट्राउडन या बेल्जियन क्लबचे अध्यक्ष होते. २०११ मध्ये त्यांनी स्टँडर्ड विकत घेतला आणि सिंट-ट्राउडन कुटुंबाकडेच राहिला. पुढे जर्मनीतला कार्ल झाइस येना, स्पेनमधला अल्कोर्कोन यांतही त्यांचा पैसा आला, हंगेरीतला उय्पेश्त त्यांच्या मुलाकडे होता. जानेवारी २०१४ च्या सुरुवातीला त्यांनी चार्लटन घेतला. आता रेझाचा प्रवास या यादीवर ठेवून पाहा: सिंट-ट्राउडन, तिथून स्टँडर्ड, तिथून चार्लटन. तीन क्लब, दोन देश, आणि मालकाचं घर एकच. सरकारी खात्यात एका जिल्ह्यातून दुसऱ्या जिल्ह्यात बदली व्हावी तसा हा प्रकार होता. त्या महिन्यात चार्लटनला आलेला तो एकटाही नव्हता. स्टँडर्डचा गोलरक्षक योहान थुराम आणि मध्यरक्षक अस्त्रित अय्दारेविच हेही त्याच वाटेने आले, उय्पेश्तहून लोईक नेगो आला.

खेळाडूच्या बाजूने पाहिलं तर निर्णय चुकीचा म्हणता येत नाही. विश्वचषकाच्या वर्षी बाकावर बसून राहणं परवडणारं नव्हतं. इंग्लंडमध्ये खेळायचं आकर्षण प्रत्येकाला असतं. मालक ओळखीचा, कागदपत्रं सोपी. माझ्याकडे कोणी त्या डिसेंबरमध्ये सल्ला मागितला असता तर मीही जा म्हणालो असतो.

गफलत क्लबच्या बाजूने झाली. चार्लटनचा तेव्हाचा संघ प्रशिक्षक ख्रिस पॉवेल यांनी यान केर्मोर्गांभोवती उभा केलेला होता. उंचापुरा फ्रेंच स्ट्रायकर, चेंडू छातीवर घेणारा, हेडरने खाली उतरवून देणारा, प्रेक्षकांचा लाडका. संघाची सगळी सवय त्याच्याकडे उंच चेंडू टाकायची. जानेवारीच्या शेवटच्या दिवशी क्लबने त्याला बोर्नमथला विकलं, त्याच दिवशी मध्यरक्षक डेल स्टीफन्सला ब्रायटनला. म्हणजे चेंडू उतरवणारा गेला, चेंडू पुरवणारा गेला, आणि त्यांच्या जागी उभा राहिला रेझा, ज्याचं सगळं कसब बचावपटूंच्या पाठीमागच्या मोकळ्या जागेत. त्या हिवाळ्यात चार्लटनचं व्हॅली हे मैदान पावसाने पार खराब झालेलं. जमिनीलगतचा पास चिखलात अडकतोय आणि उंच चेंडू दोन धिप्पाड इंग्लिश सेंटर-बॅकच्या, म्हणजे मधल्या बचावपटूंच्या, डोक्यावर पडतोय, असं ते चित्र. मार्चमध्ये पॉवेल यांना काढून टाकलं आणि जोसे रिगा आले. तेही स्टँडर्डचे माजी प्रशिक्षक.

रेझाच्या नावावर त्या मोसमात मोजकेच गोल लागले. यात त्याचा वाटा शून्य होता असं म्हणणं खोटं ठरेल. संधी आल्या तेव्हा त्याने दवडल्याही. धक्काबुक्कीच्या खेळात तो मागे पडायचा, पाठीवर बचावपटू घेऊन चेंडू राखणं त्याला कधीच फारसं जमलं नाही. चार्लटनच्या प्रेक्षकांना केर्मोर्गांच्या जागी हा दिसायचा आणि मालकावरचा राग याच्यावर निघायचा. क्लबने कुठला स्ट्रायकर हवा हे ठरवून माणूस शोधला नव्हता. घरात एक स्ट्रायकर शिल्लक होता, तो पाठवला. दुशाटले यांच्या क्लबांत हे वारंवार घडलं आणि त्याची किंमत मैदानावरच्या पोरांनी मोजली.

अशा अवस्थेत तो ब्राझीलला पोचला आणि केइरोश यांनी त्याला पुढे एकट्याला खेळवलं. बाकीचे सगळे चेंडूच्या मागे, आणि चेंडू सुटला की रेझाच्या धावेकडे. नायजेरियाशी ०–०. मग २१ जूनला बेलो होरिझोन्तेत अर्जेंटिनाशी गाठ, इराणी फुटबॉलमधला माझ्या मते सर्वांत देखणा पराभव. दुसऱ्या अर्ध्यात देजागाचा हेडर सर्जिओ रोमेरोने कसाबसा बोटांनी वर ढकलला. सामना संपत आलेला असताना रेझा मोकळ्या मैदानात सुटला, मागे बचावपटू, समोर फक्त रोमेरो. फटका रोमेरोने अडवला. थोड्याच वेळात भरपाईच्या वेळेत मेस्सीने डाव्या पायाने चेंडू वळवला आणि १–० झालं. रेझाचा तो फटका आत गेला असता तर कारकिर्दीचं काय झालं असतं, असं लोक विचारतात. मला त्यापेक्षा दुसरी गोष्ट महत्त्वाची वाटते. वर्षभर जेमतेम खेळलेला, क्लबात नकोसा झालेला माणूस ऐंशी मिनिटं एकट्याने पळून झाल्यावरही त्या धावेत पुढे होता.

चार दिवसांनी साल्वादोरमध्ये बोस्नियाने ३–१ ने हरवलं. जव्वाद नेकूनामने आडवा दिलेला चेंडू रेझाने जवळून आत ढकलला, मिनिट ८२. त्या विश्वचषकात इराणचा तो एकमेव गोल.

विश्वचषकात गोल करणाऱ्या स्ट्रायकरची त्यानंतरची बदली कुठे झाली? कुवेतला, लोनवर. आणि तिथून कतारला, अल वक्राकडे, तेही लोनवर. याला आखाताचा पैसा हे एक कारण असतंच. दुसरं कारण कमी लोकांना माहीत असतं. आशियाई फुटबॉल महासंघाच्या स्पर्धांत तेव्हा ३+१ असा नियम होता: तीन परदेशी कुठल्याही देशाचे आणि चौथा आशियाई देशाचाच. त्यामुळे आशियातल्या क्लबांना युरोपात घडलेला आशियाई खेळाडू सोन्याच्या भावाने हवा असे. इराणी पासपोर्ट आणि डच तालीम ही जोडी त्या चौथ्या जागेसाठी अगदी नेमकी. चार्लटनच्या हिशोबात तो जास्तीचा, आखाताच्या हिशोबात तो कोट्यातला.

जानेवारी २०१५ ची आशियाई चषक स्पर्धा ऑस्ट्रेलियात झाली. १९ तारखेला ब्रिस्बेनमध्ये इराण आणि यूएई, दोघांचे दोन-दोन विजय. बरोबरी झाली तर गोलफरकावर यूएई गटात पहिला. पर्यायी खेळाडू म्हणून आलेल्या रेझाने ९१ व्या मिनिटाला हेडर मारला. ऑफसाइडवरून तक्रार झाली, गोल राहिला. इराण गटात पहिला. याचा परिणाम असा की उपांत्यपूर्व फेरीत यूएईला जपान मिळाला आणि इराणला इराक. यूएईने जपानला पेनल्टीवर बाहेर काढलं. कॅनबरात इराकविरुद्ध इराणचा मेहरदाद पूलादी मध्यंतराआधीच लाल कार्ड मिळून बाहेर गेला, दहा जणांनी सामना जादा वेळेत नेला, दोनदा पिछाडी भरून काढली. दुसऱ्यांदा ती भरून काढली रेझाने, ११९ व्या मिनिटाला, ३–३. पेनल्टी शूटआउट ७–६ ने इराकने जिंकलं. त्या रात्रीचे इराणचे तीन गोल पुन्हा पाहताना लक्षात येतं की दहा जण उरलेले असताना, दम संपलेला असताना, पेनल्टी क्षेत्रातली गर्दी वाचणारा एक माणूस संघात असणं काय चीज असते.

तरीही पिढी बदलत होती. वीस वर्षांच्या सरदार आझमूनने त्याच स्पर्धेत आपली जागा पक्की करायला सुरुवात केली होती. आपल्याकडच्या प्रेक्षकांना तो त्याच वर्षी दिसला. ८ सप्टेंबर २०१५ ला बंगळुरूत इराणने भारताला ३–० ने हरवलं, तेव्हा खातं आझमूनने उघडलं आणि शेवटचा गोल मेहदी तारेमीचा होता. आझमून रेझापेक्षा उंच, हवेत भारी आणि चेंडू राखून इतरांना आणणारा. रेझाच्या नेमक्या उणिवा त्याच्यात भरून निघालेल्या होत्या.

२०१५–१६ च्या मोसमासाठी रेझा चार्लटनला परतला तेव्हा तिथे प्रशिक्षक होते गी लुझॉन. लीजमध्ये ज्यांच्या काळात तो बाकावर गेला, तेच. मालकाच्या एका घरातून दुसऱ्या घरात तेही बदलून आलेले. ऑक्टोबरात त्यांनाही काढलं, मग कारेल फ्राये, मग पुन्हा रिगा. मार्च २०१६ मध्ये मिडल्सब्रोविरुद्धच्या सामन्यात चार्लटनच्या प्रेक्षकांनी मालकाच्या निषेधार्थ मैदानावर बीच बॉल फेकले. मोसमाअखेर क्लब तिसऱ्या श्रेणीत घसरला. दोन-तीन महिन्यांनी बदलणाऱ्या तीन प्रशिक्षकांच्या हाताखाली कुठला स्ट्रायकर घडतो?

मग २०१६ च्या उन्हाळ्यात तो हीरेनवेनला गेला, घरापासून अर्ध्या तासावर. छातीवर-पाठीवर लाल पाकळ्यांसारखी कुमुदिनीची पानं असलेली ती निळी-पांढरी जर्सी त्याने पोरवयात घातलेली होती. पहिल्यांदाच त्याला असा संघ मिळाला ज्याचा खेळ त्याच्या धावांना साजेसा होता. कडेने सॅम लार्सन आणि अर्बर झेनेली, दोघेही बचावपटूला चकवून आत येणारे आणि जमिनीलगत चेंडू देणारे. जानेवारीत रेआल माद्रिदकडून लोनवर अठरा वर्षांचा मार्टिन ओडेगार्डही आला. रेझाचं काम एवढंच: दोन सेंटर-बॅकच्या मधल्या फटीत योग्य वेळी पोचणं. तो पोचत राहिला. मोसमाअखेर डच लीगमध्ये त्याचे २० गोल होते. फायनोर्डच्या निकोलाय यॉर्गेनसेनचे २१, आणि रिकी व्हान वोल्फ्सविंकेलचे रेझाइतकेच. हीरेनवेन गुणतक्त्यात मधोमध राहिला, म्हणजे बलाढ्य संघाने त्याच्यापुढे गोल वाढून ठेवले असंही नाही.

हाच तो माणूस, ज्याच्याबद्दल तीन वर्षांपूर्वी लंडनमध्ये म्हणत होते की याला गोल करता येत नाहीत. वय एकोणतीस. वेग वाढलेला नव्हता, उंची वाढलेली नव्हती. पुढच्या ऑगस्टमध्ये लार्सन फायनोर्डला गेला आणि दुसऱ्या मोसमात रेझाचा आकडा खाली आला. पुरवठा करणारा गेला की काय होतं, याचं उदाहरण त्याच्याच कारकिर्दीत दोनदा आहे.

सगळ्यांत जास्त मला खटकतं ते वेळेचं गणित. देशाने त्याच्यावर भर टाकला तेव्हा क्लबात त्याला जागा नव्हती. क्लबात तो भरात आला तेव्हा देशाला त्याची गरज उरली नव्हती. १२ जून २०१७ ला उझबेकिस्तानला २–० ने हरवून इराण रशियाच्या विश्वचषकासाठी पात्र ठरला, गोल आझमून आणि तारेमीचे. २०१८ च्या संघात केइरोश यांनी रेझाचं नाव ठेवलं, तीन सामन्यांत एकही मिनिट दिलं नाही. पोर्तुगालविरुद्ध बरोबरीची पेनल्टी घेतली ती करीम अन्सारीफर्दने. तो निओर, ओसासुना, पानिओनिओस, ऑलिंपियाकोस अशा वाटेने आलेला, रेझासारखाच गावोगाव फिरलेला स्ट्रायकर. केइरोश यांचं गणित मला समजतं आणि पटतंही. तरी संघात इतकी वर्षं राखलेल्या माणसाला शेवटची काही मिनिटं मिळायला हवी होती असं वाटत राहतं.

त्यानंतरचं थोडक्यात. सायप्रसचा अपोएल, तिथून २०१९ च्या जानेवारीत सिडनी एफसी. मे महिन्यात सिडनीने पर्थमधल्या अंतिम सामन्यात पर्थ ग्लोरीला पेनल्टी शूटआउटमध्ये हरवून ऑस्ट्रेलियन लीगचं विजेतेपद घेतलं. मग पुन्हा नेदरलँड्स, झ्वोल.

इराणसाठी त्याचे सामने चाळीसच्या थोडे वर, गोल १७. अली दाईच्या शंभरावर गोलांपुढे हा आकडा किरकोळ दिसतो आणि इराणी स्ट्रायकरांच्या चर्चेत रेझाचं नाव अझीझी, हाशेमियान, आझमून, तारेमी यांच्या नंतरच येतं. पण दोहा, उल्सान, साल्वादोर, ब्रिस्बेन आणि कॅनबरा हे पाच गोल बाजूला काढून पाहिले, तर दीड वर्षाच्या त्या काळात इराणी फुटबॉलचं जे काही पणाला लागलं होतं ते प्रत्येक वेळी याच माणसापर्यंत येऊन थांबलेलं दिसतं. त्याच दीड वर्षात त्याने तीन क्लब बदलले, आणि त्यांपैकी एकाही क्लबाने त्याच्या धावेला शोभेल असा संघ त्याच्यामागे उभा केला नाही.